दुरुस्तीयोग्य

सुमन सुरवाडे गेल्याचं मला धुळ्याहून आलेल्या फोनवर कळलं. सकाळी मी मेथी निवडत बसले होते. तिचा भाचा मिलिंद "विमलमावशी, अक्का..." एवढंच बोलू शकला. पुढचं त्याच्या बायकोने सांगितलं. नेहमीसारखी जेवून झोपली होती, सकाळी उठलीच नाही. मी फोन ठेवला आणि निवडलेली, न निवडलेली सगळी मेथी एकाच पातेल्यात लोटून दिली... त्या दिवशी मी पोटभर रडले. आज लिहायला बसले आहे ती मात्र रडत नाही, संतापून बसले आहे. हा संताप तिच्या शोकसभेत सुरू झाला आणि महिना होत आला तरी उतरायचं नाव घेत नाही.

पाचोऱ्याच्या ज्या मुलींच्या शाळेत आम्ही दोघींनी बावीस वर्षं काढली, ती खेळाची बाई आणि मी विज्ञानाची, तिथेच ती सभा झाली. संस्थेचे एक जुने पदाधिकारी बोलायला उभे राहिले. सगळे त्यांना आबासाहेब म्हणतात. "सुरवाडे बाईंनी कधी काही मागितलं नाही हो," ते म्हणाले. "मोडकं तर मोडकं, आहे त्यात भागवलं. नाहीतर आजकालचे शिक्षक, रुजू झाले की दुसऱ्या दिवशी हातात यादी!" लोकांनी माना डोलावल्या, दोघा-तिघांनी डोळेही पुसले. मी दुसऱ्या रांगेत बसले होते. मागितलं नाही? सुमनने? अहो, त्या बाईचे अर्ज लिहून लिहून हात दुखले! आमचा कारकून तिला जिन्यात बघूनच म्हणायचा, "बाई, भाल्यांचाच ना? ठेवा टेबलावर." मी तिथल्या तिथे उभी राहून हे सांगायला हवं होतं. नाही सांगितलं. खोटं ऐकून गप्प बसायची मला जुनी सवय आहे, आणि ती कशी लागली तेच आज सांगायचं आहे.

शाळेत भालाफेकीचे पाच भाले होते. लाकडी दांडा, पुढे लोखंडी टोक, मधोमध मुठीला दोरी गुंडाळलेली. आमचं मैदान काळ्या मातीचं. पाऊस सरला की ती अशी टणक व्हायची की भाला रुतायच्या ऐवजी आपटायचा आणि टोकाच्या मागे कडकन मोडायचा. मोडला की सुमन तो सायकलच्या दांडीला बांधून बाजारात न्यायची. तिथे कुदळी-फावड्यांना दांडे बसवणारे एक सुतारबाबा होते. ते दोन्ही तुकडे जोडून वर लोखंडी कडं ठोकून द्यायचे. महिन्याभराने तोच भाला त्या कड्याच्या मागे मोडायचा. मग आणखी एक कडं. एकेका भाल्याला तीन-तीन, चार-चार कडी झाली होती. दुरुस्त केलेला भाला मुलींच्या हातात द्यायच्या आधी सुमन पदर खोचून स्वतः चार वेळा फेकून बघायची. "मोडला तर माझ्या खांद्यावर मोडू दे," म्हणायची. एकदा खरंच मोडला आणि कपच्या तिच्या कानामागे घुसल्या. दुपारी तीच बाई कानाला पट्टी लावून आठवीच्या मुलींवर ओरडत होती, "पोरींनो, कोपर वर!"

आता नवे भाले का नाही घेतले, हे कुणी विचारेल. जुनं सामान 'बाद' ठरल्याशिवाय नवं घ्यायचं नाही असा नियम होता, आणि बाद की 'दुरुस्तीयोग्य' हे ठरवायला तिघांची समिती होती. मोठ्या बाई, आबासाहेब आणि तिसरी मी. विज्ञानाच्या बाईला वस्तूतलं कळतं म्हणून मला घेतलेलं. आबासाहेब भाला हातात घ्यायचे, टेबलावर ठोकायचे आणि म्हणायचे, "काठीच ना ही? जोडली की झालं. घरी फावड्याचा दांडा मोडला तर आपण फावडं फेकतो का?" मोठ्या बाई हसायच्या. दुरुस्तीयोग्य! खाली तीन सह्या. त्यातली एक माझी, पाच वर्षं, न चुकता. सुमन बाहेर व्हरांड्यात उभी असायची. मी बाहेर आले की माझ्या तोंडाकडे बघून तिला कळायचं. एरवी माझ्याशी शुद्ध बोलणारी सुमन अशा वेळी गावच्या बोलीवर यायची. "बठ्ठं जोडानंच शे का आपले, विमल?" सगळं जोडूनच घ्यायचं का आपण, एवढं विचारून तासाला निघून जायची.

मी सही का करत होते? ऐका, लपवत नाही. समितीच्या त्याच कागदावर माझ्या प्रयोगशाळेची मागणीही असायची, आणि वर्षाला एकच काहीतरी मंजूर व्हायचं. मला तराजू हवे होते, काचसामान हवं होतं. मला वाटायचं, मुलींना आयुष्यात विज्ञान कामी येईल, भाला काय कामाचा! मी हे कधी मोठ्याने बोलले नाही. पण मनात होतं, आणि सही मनातल्यासारखीच झाली.

सत्त्याऐंशी-अठ्ठ्याऐंशीच्या सुमाराची गोष्ट. दहावीत कमल नावाची मुलगी होती. वडील स्टेशनाबाहेर हमाली करायचे. तिचा हात असा होता की चार कड्यांचा तो बोजड भाला ती मैदानाच्या पार टोकाला, बाभळीपाशी नेऊन रोवायची. जिल्ह्याला पहिली आली असती तर पुढे विभाग, आणि तिथे निवड झाली असती तर क्रीडा वसतिगृहात राहणं, खाणं, शिक्षण सगळं मोफत. नाहीतर दहावीनंतर शाळा बंद, हे तिच्या घरी ठरलेलं होतं. सुमन तिला घरून शेंगदाण्याचे लाडू आणून चारायची. स्पर्धा जळगावला होत्या. मोठ्या बाईंनी सोबतीला मला धाडलं. पहिल्याच फेकीला कमलचा भाला हवेतच मोडला. टोकाकडचा तुकडा एकीकडे, शेपटीचा दुसरीकडे. प्रेक्षकांत हशा पिकला. पंच भला माणूस होता. भाला मोडला तर फेक बाद धरत नाहीत, असं म्हणून त्याने तिला दुसऱ्या एका शाळेचा कोरा करकरीत नवा भाला देऊ केला. सुमनचा चेहरा असा उजळला की काय सांगू! आयुष्यात पहिल्यांदा तिच्या मुलीच्या हातात धड भाला आला होता.

कमल धावली, फेकला. भाला नाक वर करून आभाळात चढला, मध्येच थबकला आणि शेपटीवर पडला. टोक आधी टेकलं नाही की फेक धरत नाहीत. दुसरी फेक, तेच. तिसरी, तेच. ती तशीच रेषेपाशी उभी राहिली, आपल्या उजव्या हाताकडे बघत. आणि मला त्या क्षणी कळलं होतं. दुसऱ्याच फेकीला कळलं होतं! आमच्या भाल्यांवर सगळी कडी टोकाकडे ठोकलेली, त्यामुळे त्यांचा तोल मुठीच्या पुढे सरकलेला. ते नाकाने खाली पडायचे, म्हणून या मुलीचा हात वर्षानुवर्षं टोक उचलायला शिकला होता. सरळ तोलाचा भाला आला आणि तेच शिकलेलं तिच्या अंगावर उलटलं. गुरुत्वमध्य हा धडा मी दरवर्षी नववीला शिकवायचे. कमललाही मीच शिकवला होता.

पुढच्याच आठवड्यात समिती बसली. आबासाहेब म्हणाले, "नवा भाला दिला तरी मुलगी फेकू शकली नाही म्हणतात. मग नवे घेऊन करायचं काय? जुन्याचीच सवय आहे त्यांना." काय बोलतोय हा माणूस! ज्या मोडक्या सामानाने मुलीचा घात केला, त्याच सामानाच्या बाजूने तिची हार साक्षीला उभी केली. मला एक वाक्य बोलायचं होतं. एकच. टेबलावर भाला होता, तो बोटावर तोलून दाखवला असता तरी आबासाहेबांना कळलं असतं. पण त्याच कागदावर, भाल्यांच्या खाली, माझे तराजू होते... दुरुस्तीयोग्य. तीन सह्या.

तराजू आले. कमल दहावी होऊन रावेरकडे मामाच्या गावी गेली, केळीच्या कामाला. वर्षभराने एका संध्याकाळी शाळा सुटल्यावर सुमन पाचही भाले घेऊन प्रयोगशाळेत आली. "विमल, काहीतरी गडबड आहे. नवा भाला त्या दिवशी नाक का वर करत होता, मला अजून उलगडत नाही. तू सांग." मग मी सांगितलं. लाकडी पाचरीवर भाला आडवा ठेवून तोल कुठे येतो ते दाखवलं. मुठीपासून चांगली वीतभर पुढे. शेपटीला तार गुंडाळली की तोल मागे येतो, तेही दाखवलं. ती खाली बसून तार गुंडाळू लागली. थोड्या वेळाने मान वर न करता म्हणाली, "कमलच्या वेळेला तुला हे ठाऊक होतं?" मी हो म्हणाले. ती गुंडाळतच राहिली. तारेचं टोक दातांनी वाकवलं, मग म्हणाली, "दुसरा भाला दे." त्यानंतर बारा वर्षं आम्ही रोज एका डब्यात जेवलो आणि तिने तो विषय पुन्हा काढला नाही. तिने मला दोन थपडा मारल्या असत्या तर बरं झालं असतं. तिच्या या चांगुलपणाचाही मला राग येतो, अजून येतो. तार गुंडाळलेल्या भाल्यांवर पुढे दोन-तीन मुली जिल्ह्यात नंबरात आल्या, आणि त्याच जोरावर आज हे लोक व्यासपीठावरून म्हणतात, बघा, आहे त्यात भागवलं!

सभा संपली. मिलिंदने धुळ्याहून सुमनच्या खोलीतला एक जुना भाला आणला होता. निवृत्त होताना तिने तो मागून नेला होता. तो फोटोशेजारी उभा करून त्यालाही हार घातला होता, आणि तो आता काचेच्या कपाटात ठेवायचा असं आबासाहेबांनी जाहीरही करून टाकलं. सभागृह रिकामं झालं तरी एक बाई मागच्या बाकावर बसून होती. जवळ गेले तेव्हा ओळखलं, कमल. केसांत पांढरं डोकावू लागलेलं, हात मात्र तसाच, मनगटाला रुंद. रावेरहून पहाटेच्या गाडीने आली होती. म्हणाली, "बाई, सुरवाडे बाईनी माले कितला जीव लाया. पन मीच नाव बुडायं. मना हातच खोटा निंघना." मी म्हटलं, तुझी चूक नव्हती ग. ती हसली. "त्याबी असंच म्हनेत. समजाडाले म्हनतस बठ्ठा."

म्हणजे सुमनचं म्हणणंही नुसती समजूत घालणं मानून इतकी वर्षं ही मुलगी स्वतःच्या हाताला दोष देत जगली होती. मी व्यासपीठावर गेले, भाल्याचा हार काढला, शेपटीची तार उलगडून टाकली आणि कमलला म्हटलं, "मूठ धर. आता मुठीखाली एक बोट लावून तोल." टोक धाडकन खाली गेलं. तिचं बोट मी धरून वीतभर पुढे सरकवलं. भाला आडवा, स्थिर राहिला. "नव्या भाल्याचा तोल मुठीतच असतो," मी म्हणाले. "तुझा हात बरोबर होता. भाला खोटा होता. मला तेव्हाच कळलं होतं." तिने भाला बोटावर पुन्हा मागे-पुढे सरकवून तोलून पाहिला. मग तिने तो अलगद माझ्या हातात दिला.

"मंग हाई तवयच काबर नही सांगं, बाई?"

भाला मी शाळेला दिलेला नाही. आबासाहेबांचे दोन निरोप येऊन गेले. जळगावला पिंप्राळ्यातल्या माझ्या घरात, मी लिहिते त्या टेबलाशेजारी तो भिंतीला टेकून उभा आहे. शेपटीला तार नाही, सगळी कडी टोकाकडे. तेव्हाच का नाही सांगितलं, याचं कमलला मी अजून उत्तर दिलेलं नाही.