दारावरचा डहाळा

रामोजीमामांना जाऊन महिना झाला. त्या बुधवारी त्यांच्या शेजारच्या सेल्वीअक्कांचा फोन आला तेव्हा मी पापनाशमला शाळेत शिकवत होतो. "सर, मामा उठत नाहीत..." एवढंच त्या बोलू शकल्या.

मामा म्हणजे आईचे धाकटे भाऊ. तंजावरात आरोग्य निरीक्षक होते. लग्न केलं नाही. राजवाड्यामागच्या गल्लीत एकटेच राहत. आमच्याकडे कांजिण्या आल्या की दाराला कडुनिंबाचा डहाळा लावतात. तो दिसला की पाहुण्यानं बाहेरूनच परतायचं. मामा सायकलवरून असे डहाळे मोजत, वहीत टिपत. ती वही वरच्या कचेरीत पोचेपर्यंत पोरं बरी होऊन शाळेत गेलेली असत. पुढे फोन आला, संगणक आला, निवृत्तीच्या तोंडावर टॅबलेट आला. "रोग पळतो रे, अम्हीं मागून अर्ज भरतों," मामा आमच्या तंजावरी मराठीत म्हणत. डहाळ्याइतकी चटकन बातमी देणारं यंत्र अजून निघालं नाही, हे त्यांचं ठाम मत. मी त्यांची भारी थट्टा करायचो.

करोनापासून ते साध्या तापालाही स्वतःच्या दाराला डहाळा लावू लागले. मग माझा रविवारचा डबा ओट्यावर राही आणि ते खिडकीतून विचारत, "घरीं सगळ्यांचं जेवण जालं का?"

शेवटच्या रविवारी डहाळा होता, खिडकी बंद होती. हाक मारली, फोन लावला. आत नुसताच वाजत राहिला. झोपले असतील म्हणून डबा ठेवून परतलो. त्यांचाच नियम, मी शहाण्यासारखा पाळला. डहाळा पार वाळला होता, तेही माझ्या लक्षात आलं नाही.

सेल्वीअक्कांनी नंतर सांगितलं, त्या रविवारी मी हाक मारली तेव्हा मामा मागच्या अंगणात अंघोळ करत होते. ताप उतरला होता. स्वयंपाकघरात केळीची दोन पानं मांडलेली होती...

मी दिलेल्या मोबाइलवर माझ्या नावापुढे एक निरोप सापडला. तमिळ लिपीत आमची मराठी: "ताप गेला. अशक्तपणानं हात वर जात नाहीं, म्हणून डहाळा काढलों नाहीं. तूं आत ये." पाठवायचं बटण दाबायचं तेवढं राहिलं होतं.

डहाळा अजून तिथंच आहे. माझा हात पोचतो, पण काढवत नाही. दर रविवारी मी त्याच्याखालून आत जातो, डबा उघडतो आणि दोन पानं मांडतो.