भोंगाकाकांचा हरलेला सामना

देव काही माणसांना आवाज मापून देतो, काहींना ओतून. भोंगाकाकांच्या वेळी बहुतेक भांडंच कलंडलं असावं. आपल्या काचेच्या दुकानात, आतल्या टेबलाशी उभे राहून ते बायकोला नुसतं "जरा धर गं" म्हणाले, तरी रस्त्यापलीकडच्या सलूनमध्ये दाढीला बसलेला माणूस दचकायचा. सलूनवाल्यानं एकदा येऊन हात जोडले होते. "काका, तुम्हाला बोलायचं असलं की आधी खूण करत जा. वस्तरा असतो हातात."

आठवडाभर खिडक्यांची मापं घ्यायची, काचा कापायच्या, बसवायच्या. रविवारी मात्र दुकान बंद करून काका फुटबॉलच्या मैदानावर. तिथल्या क्लबचा माईक त्यांच्या हातात होता. खेळाडूंची नावं तेच पुकारायचे, गोल झाला की तेच आभाळ डोक्यावर घ्यायचे, आणि फाटकासमोर कुणी गाडी आडवी लावली तर तीही बातमी तितक्याच जोशात द्यायचे. लोक म्हणायचे, माईक नुसता शोभेला आहे, काढून घेतला तरी शेवटच्या रांगेला कळणारही नाही.

क्लब तसा लहानच. दिवसभर कामधंदा करून संध्याकाळी सरावाला येणारी मुलं. एका वर्षी मात्र नशीब उघडलं आणि संघ पहिल्यांदाच बाद फेरीत जाऊन उपांत्य सामन्यापर्यंत पोचला. त्या दिवशी मैदानावर मुंगी शिरायला जागा नव्हती. आपला संघ दोन-एकनं पुढे होता, लोक उभे राहून घड्याळं बघत होते. तेवढ्यात समोरच्यांना कॉर्नर मिळाला. उंच आलेला चेंडू आपल्या गोलकीपरच्या हातात आला आणि हातातून निसटून आत गेला. हा गोली म्हणजे ज्याला सगळे 'भिंत' म्हणत तोच. बरोबरी झाली आणि मग पेनल्टीमध्ये सामना हातचा गेला. संघ पुन्हा तिथवर पोचला नाही. काही वर्षं लोक चहाच्या कपावर तोच चेंडू पुन्हा पुन्हा अडवत राहिले.

मग एका सकाळी दुकानात काच कापता कापता काकांच्या हातातली हिऱ्याच्या टोकाची हिरकणी खाली पडली. उचलायला गेले तर उजवा हात ऐकेना. बायकोला हाक मारायला गेले तर तोंडातून नुसती हवा. तिनं वळून पाहिलं, तोंड एका बाजूला ओढलं गेलेलं दिसलं आणि ती तशीच रस्त्यात धावली. सलूनवाल्यानं गिऱ्हाईक अर्ध्या दाढीवर सोडलं आणि आपली गाडी काढली. वेळेवर पोचले म्हणून जीव वाचला, असं डॉक्टर नंतर म्हणाले.

दवाखान्यात काकांनी पहिला शब्द उच्चारला तेव्हा काकू उशाशी बसल्या होत्या. काकांनी त्यांच्याकडे टक लावून पाहिलं, ओठ जुळवले आणि मोठ्या कष्टानं म्हणाले, "गोल."

काकूंचा बांधा भरदार. त्यांनी कमरेवर हात ठेवले. "वा! मरणाच्या दारातून परत आलात आणि पहिलं हे दिसलं?" असं म्हणून त्या हसल्या आणि हसता हसताच पदरात तोंड खुपसून रडल्या.

घरी आल्यावर खरा पेच कळला. काकांना समोरच्याचं सगळं समजत होतं, डोक्यात विचारही जागच्या जागी होते. पण शब्द मागायला गेलं की भलताच हाती यायचा. पाणी हवं असलं की तोंडून निघायचं 'शिडी'. चादर मागितली की 'मंगळवार'. आपण चुकीचं बोललो हे त्यांना त्याच क्षणी कळायचं, आणि तेच जास्त जिव्हारी लागायचं. बोलण्याचे व्यायाम शिकवायला एक बाई यायच्या. त्या म्हणाल्या, "काका, शब्द कुठे गेलेले नाहीत. वाटा बंद झाल्यात. नव्या पाडायला वेळ लागेल." त्यांनी चित्रांचे पत्ते दिले होते. कप, छत्री, मांजर. बाई गेल्या की काका ते पत्ते काचेच्या तावांसारखे कडेला कड लावून ठेवायचे, चित्राची बाजू खाली करून.

दुकानात कुणी आलं की ते आतल्या खोलीत निघून जायला लागले. ज्यांना गप्प करायला काकूंना चिमटा काढावा लागायचा, ते आता दिवसचे दिवस ब्र काढत नव्हते. सलूनवाला काकूंना म्हणाला, "वहिनी, शांततेनं माझं काम बिघडायला लागलंय."

काकांची मुलगी एका बेकरीची पावाची गाडी चालवायची. पहाटे निघायची ती दुपारपर्यंत मोकळी व्हायची. एके दिवशी ती बगलेत एक खोकं मारून आली. बरोबरच्या ड्रायव्हरनं नवीन व्हिडिओ गेम घेतला होता, त्याचा जुना हिनं आणला. मनात एवढंच होतं की बाबांची उजवी बोटं हलतील आणि दुपार सरेल. तिनं गेम टीव्हीला जोडला, फुटबॉलचा खेळ लावला आणि विचारलं, "बाबा, कुठला संघ घेऊ?"

पडद्यावर जगातले मोठमोठे संघ झळकत होते. काकांनी मान हलवली आणि भिंतीवरच्या फोटोकडे बोट दाखवलं. आपल्या क्लबचा, त्या उपांत्य सामन्याच्या सकाळी काढलेला.

"ते कसे असतील यात?" ती हसली. मग तिलाच आठवलं की या खेळात हवा तो खेळाडू घडवता येतो. झालं, बापलेक कामाला लागले. फोटोतला लंबू उंच पाहिजे, टकल्याला केस नकोत, मास्तरांना चष्मा देता येत नाही म्हणून दाढी दिली. दर खेळाडूच्या अंगच्या गुणांचे आकडेही भरायचे होते. ती भरायची आणि काकांकडे बघायची, ते मानेनं हो-नाही करायचे. गोलीची पाळी आली. तिनं पन्नाशी ओलांडून आकडा थांबवला. काकांनी पटकन तिचा अंगठा आपल्या डाव्या हातानं दाबून धरला. आकडा साठ, सत्तर, ऐंशी करत चढत गेला. नव्याण्णवच्या पुढे जात नाही असं दिसल्यावरच त्यांनी अंगठा सोडला.

"बाबा, ज्याच्या हातातून सुटला त्याला नव्याण्णव?"

काकांनी डोळे वटारले. विषय संपला.

समोरचा संघही त्या उपांत्य सामन्यातलाच केला आणि सामना सुरू झाला. गेममध्ये कॉमेंट्री करणारा एक माणूस होता. कुठल्या तरी परक्या भाषेत तो बाहेर पडायला दार न सापडल्यासारखा बोलत सुटला होता. आपल्या मैदानावर हा कोण उपटसुंभ? काकांच्या कपाळावर आठ्या चढल्या. त्यांनी हातानं गळा कापल्याची खूण केली. मुलीनं शोधून त्याचा आवाज बंद केला.

आता नुसता चेंडूचा ठपठप आवाज आणि गर्दीची गाज. मुलीला खेळ येत नव्हता, ती बटणं बडवत होती. कसातरी चेंडू मधल्या रेषेपाशी लंबूच्या पायात आला. आणि त्या गप्प खोलीत, खरखरीत पण खणखणीत आवाज उठला.

"आणि चेंडू लंबूकडे!"

मुलीचं बोट बटणावर तसंच राहिलं. बाहेर दुकानात काकू एका गिऱ्हाइकाला आरसा दाखवत होत्या. त्यांनी तो टेबलावर ठेवला आणि दारापर्यंत आल्या. आत मात्र गेल्या नाहीत. पाऊल वाजलं तर पाखरू उडेल असं त्यांना वाटलं.

"लंबू पुढे... लंबू एकटा... आणि बाहेर! अरेरे!"

हे कुठून आलं ते काकांनाही कळलं नाही. त्यांनी शब्द शोधले नव्हते, चेंडूच्या मागून ते आपोआप आले होते. मुलगी उठून त्यांच्या गळ्यात पडायला लागली तर त्यांनी तिला ढकललं आणि पडद्याकडे बोट केलं. खेळ चालू होता ना!

दुसऱ्या दिवशी मुलीनं घडलेलं सांगितलं तेव्हा बोलण्याचे व्यायाम शिकवणाऱ्या बाईंचे डोळे चमकले. "जे वर्षानुवर्षं तोंडात घोळलंय ते शाबूत असतं कधीकधी. पत्ते ठेवा बाजूला. आपण मैदानावरूनच जाऊ." तेव्हापासून बाईही सामना बघायला बसू लागल्या. खेळ मध्येच थांबवून विचारायच्या, "आत्ता चेंडू कोणाकडे? त्यानं काय करायला हवं होतं?" पाठ असलेल्या वाक्याला नवा शब्द जोडायचा, मग त्याला आणखी एक. कधी जमायचं, कधी गोलीला 'चादर' म्हटलं जायचं. पण आता काका स्वतःही हसायला लागले होते.

तो उपांत्य सामना रोज दुपारी व्हायचा आणि रोज दुपारी संघ हरायचा, कारण मुलगी खेळण्यात अगदी ढ. पण त्या हरण्याचाच फायदा झाला. वैतागलेल्या माणसाला शब्द सुचतात. काकांचं आजारपणानंतरचं पहिलं ठरवून केलेलं, स्वतःचं वाक्य असं होतं, "अगं... डोळे... घरी ठेवलेस का?"

"घरीच आहे मी बाबा," ती म्हणाली, आणि बापलेक पोट धरून हसले.

ही बातमी पावाच्या गाडीबरोबर गावभर फिरली. एके दुपारी तो गोली, भिंत, दारात उभा राहिला. अंगानं आडदांड, एका गोदामात माल उचलायची गाडी चालवणारा. त्या सामन्यानंतर त्यानं खेळणं सोडलं होतं आणि मैदानाकडे फिरकतही नव्हता. "मला खेळता येतो हा गेम," तो मान खाली घालून म्हणाला. "पुतण्यांबरोबर खेळतो. हिच्यापेक्षा बरा खेळेन. काकांना बोलायला काहीतरी चांगलं मिळेल."

त्यानं संघ उघडला, स्वतःचा खेळाडू पाहिला आणि थबकला.

"हे नव्याण्णव कुणी केलं?"

मुलीनं बाबांकडे बोट दाखवलं. भिंतीनं पडद्यावरच्या आकड्याकडे पुन्हा एकदा पाहिलं.

मग तो दाराशी आलेल्या काकूंना म्हणाला, "काकू, त्या दिवशी सामना संपल्यावर मी कपडे बदलायच्या खोलीत कडी लावून बसलो होतो. बाहेर लोक माझं नाव घेऊन काय काय ओरडत होते, सगळं ऐकू येत होतं. वाटलं, आता या गावात तोंड दाखवायचं नाही. तेवढ्यात माईकवर काकांचा आवाज आला. म्हणाले, 'फाटक उघडलंय, पण कुणी घरी जायचं नाही. या गोलीनं आपल्याला इथवर आणलंय. त्याच्यासाठी टाळ्या झाल्या की मगच जायचं.' आधी कुणीच वाजवेना. काका एकटेच माईकसमोर वाजवत राहिले. मग हळूहळू सगळं मैदान वाजवायला लागलं. मी कडी काढली ती त्या टाळ्यांमुळे. आभार मानायला कधी आलो नाही. लाज वाटायची."

काकांना हे आठवतही नव्हतं. माईकवर ते आयुष्यभर इतकं बोलले होते, त्यातलं कुठलं वाक्य कुणाच्या घरी जाऊन राहिलं, याचा हिशेब कोण ठेवणार? त्यांनी आपला दुबळा उजवा हात उचलून भिंतीच्या गुडघ्यावर ठेवला. म्हणाले, "खेळ."

त्यानंतर सुट्टीच्या दिवशी भिंत यायचाच. एकदा लंबूला घेऊन आला, एकदा मास्तरांना. दाढी बघून मास्तर रागावले. काकू सगळ्यांना चहा करून थकल्या, पण तक्रार त्यांनी एकदाही केली नाही. आत आरडाओरडा असला की बाहेर गिऱ्हाइकाला अभिमानानं सांगायच्या, "आमचे हे आहेत. बोलतायत."

आणि एका दुपारी तो सामना जिंकला गेला. शेवटच्या मिनिटाचा तोच कॉर्नर, तोच उंच चेंडू. भिंतीनं पडद्यावरच्या भिंतीकडून तो अडवला आणि शिटी वाजली. खोलीत सगळे उड्या मारायला लागले. मुलगी ओरडली, "बाबा, बोल ना! जिंकलो!"

काका तोंड उघडून बसले होते. हरल्याचे शब्द त्यांना तोंडपाठ होते. हा सामना जिंकल्याचं मात्र त्यांनी कधी उच्चारलेलंच नव्हतं. सगळे खाली बसले. कुणी शब्द पुरवला नाही, तेवढं आता सगळे शिकले होते. बऱ्याच वेळानं काका म्हणाले, "प्रेक्षकांनी... सावकाश बाहेर पडावं."

हशा पिकला. तो ओसरल्यावर ते काकूंकडे वळले. "तू बस," प्रत्येक शब्द जपून ठेवत ते म्हणाले, "आज चहा... मी करतो." साखर विसरले, पण तो चहा सगळ्यांनी दुसऱ्यांदा मागून घेतला.

पुढच्या हंगामात क्लबचा नवा संघ पुन्हा बाद फेरीत पोचला. आता भिंत त्यांच्या गोलीला शिकवत होता. माईकवर शाळेतले खेळाचे शिक्षक होते, त्यांनी काकांसाठी शेजारी खुर्ची ठेवली. सुरुवातीला अकरा खेळाडूंची नावं काकांनी पुकारली. दोन नावांमध्ये मोठी खिंडारं पडत होती, पण मैदान शांत राहिलं. ते माईकवरून उठले तेव्हा टाळ्या इतक्या वाजल्या की पंचाला शिटी दोनदा मारावी लागली.

आणि सामना? हरलो. तीन-शून्य, सरळ सरळ.

सगळे पावाच्या गाडीतून परत निघाले. भिंत खिडकीबाहेर बघत होता. मागच्या बाजूला पावाचे रिकामे ट्रे खडखडत होते. तेवढ्यात काका म्हणाले, "बरं झालं."

"काय बरं झालं, बाबा?"

"जुना... पाठ झाला होता," काका म्हणाले. "आता नवा मिळाला."

मुलीला इतकं हसू फुटलं की तिला गाडी कडेला घ्यावी लागली. भिंतही हसला. काकूंनी काकांचा उजवा हात आपल्या दोन्ही हातांत घेतला आणि घर येईपर्यंत सोडला नाही.

दुसऱ्या दिवशी फुटकी तावदानं बदलायची म्हणून एक बाई दुकानात आल्या आणि सहज विचारलं, "काल काय झालं हो?" काका टेबलाशी आले, बसले आणि पहिल्या शिटीपासून सांगायला लागले. काकू शेजारी पेन्सिल आणि फूटपट्टी घेऊन उभ्या होत्या. मापं लिहायची होती, मागे दोन गिऱ्हाइकं ताटकळत होती. काका एका शब्दासाठी अडले, खिडकीबाहेर बघत राहिले. काकूंनी पेन्सिल कानावर अडकवली आणि स्टूल ओढून त्याही ऐकायला बसल्या.