तुफानाचं शिंग

आमच्या घरी दसऱ्याला तलवारीची पूजा होते. पणजोबा संस्थानच्या फौजेत होते, त्यांची ती तलवार. तिला कुंकू लावायचा मान थोरल्या मुलाचा, म्हणजे माझ्या दादाचा. धाकट्याने तबक धरायचं. ते मी गिळलं, रीतच होती. पण आबांनी, म्हणजे आमच्या वडिलांनी, हीच रीत गोष्टीतही घुसवली, ते मला आजतागायत पचलेलं नाही.

गोष्ट आबांनीच रचलेली. भर समुद्रात एक राज्य आणि तिथली सगळी वादळं एका काळ्या शिंगात कोंडलेली. शिंग फुंकलं की तुफान सुटायचं, त्याच्या तोंडावर तळहात ठेवला की निजायचं. तो हात मात्र राजाच्या थोरल्या मुलाचाच लागे. शिंग म्हणून आबा पितळी तांब्या मधोमध ठेवत. तोंडाने वाऱ्याचा आवाज काढत, खिडकीची दारं हलवत, मग दादा तांब्यावर हात ठेवी आणि सगळं शांत होई. धाकट्याच्या वाट्याला होडी वाहून जाऊ न देणं, म्हणून मी तिचा दोर धरून बसलेला. दोर म्हणजे आबांचा पंचा.

दादाला त्या शिंगाचं काहीच नव्हतं. कधीकधी तर हात ठेवून जांभई द्यायचा. ते बघून माझ्या अंगाचा तिळपापड व्हायचा. शेवटी मी त्याच्याशी सौदा केला. माझ्या वाटणीचे दिवाळीचे लाडू त्याला, एका संध्याकाळचं शिंग मला. तो लगेच कबूल झाला. आबांच्या कानावर गेलं तेव्हा ते म्हणाले, "शिंग विकत मिळत नसतं, धाकट्या. दोर धर."

विकत मिळत नाही असं पुढे मी फारसं काही पाहिलं नाही. खंडेराव मार्केटला भाजीसाठी घरचे मलाच पाठवत, कारण पडत्या भावात आणायची कला माझ्याकडे होती. गोरव्याला कारखाना काढला तोही भंगारातल्या लेथची घासाघीस करून. दादा शिकला, पुण्याला नोकरीला गेला. आबा राहिले माझ्याकडे, वासण्याच्या फ्लॅटमध्ये. औषधं मी आणतो, डोळ्यांच्या डॉक्टरकडे मी नेतो, आणि पाहुणे आले की आबा सुरू करतात, "आमचा थोरला..."

गेल्या उन्हाळ्यात एका संध्याकाळी धुळीचं वादळ उठलं. माझी धाकटी मुलगी "आबा, वावाझोडुं आलं," म्हणत त्यांच्या मांडीत शिरली. घाबरली की तिला शाळेतली गुजराती आठवते. आबांनी स्वयंपाकघरातून तांब्या मागवला. तोच तांब्या. मी चहाचा कप घेऊन दारात उभा होतो. राज्य आलं, शिंग आलं आणि आबांनी तिचा हात उचलून सरळ तांब्याच्या तोंडावर ठेवला.

माझं डोकं फिरलं. म्हटलं, "आबा, शिंग थोरल्याचं ना? हिचा हात कसा चालतो?"

"चालतो," आबा म्हणाले.

मी असा सोडणारा नव्हे. नियम होता तर आज कुठे गेला, आणि मोडता येत होता तर इतकी वर्षं का नाही मोडला, असं मी विचारत गेलो. आवाज चढला तशी बायको पोळी तव्यावर टाकून बाहेर आली. आबांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "पोरगी घाबरलीये. तुझ्या वेळी बाहेर खरं वादळ होतं का?"

त्यावर मला जे सुचलं ते मुलीसमोर बोलण्यासारखं नव्हतं.

मुलीने माझ्याकडे पाहिलं. "पप्पा, तुम्हाला हात ठेवायचाय का?"

मी कप खाली ठेवला. हात पुढे करणार, तेवढ्यात आबांनी खांद्यावरचा पंचा काढून त्याचं एक टोक माझ्याकडे फेकलं.

"तू हात काढू नकोस गं," ते तिला म्हणाले. "त्याला दोर धरता येतो."

बायको हसली आणि आत गेली. मी फरशीवर बसलो. मुलीने दोन्ही हातांनी तांब्या दाबून धरला होता, डोळे घट्ट मिटलेले. काच वाजत होती. वादळ थांबलं की नाव तिचंच होणार, हे मला दिसत होतं. तरी मी पंचा ताणून धरला.