शिशाचा पत्रा

आखातात असताना मिरकाबला एका इंग्रज इंजिनिअरच्या घरी आम्ही मागच्या खोलीत राहायचो. आमचे हे साहेबाची गाडी चालवायचे, मी मॅडमचे कपडे शिवायचे. स्वयंपाकाला आमच्याच रत्नागिरीकडचे एक म्हातारे होते, त्यांना आम्ही मामू म्हणायचो.

एका शुक्रवारी मॅडमची लग्नाची अंगठी नाहीशी झाली. साहेबाने आरडाओरडा केला नाही. शिशाचा एक पत्रा आणला, खिळ्याने त्यावर काहीतरी कोरलं आणि तो स्वयंपाकघराच्या दाराला टांगला. मग आम्हा तिघांना बोलावलं.

"माझ्या गावाजवळ नदीकाठी नोडन्स नावाच्या देवाचं पडकं देऊळ आहे," तो मोडक्या हिंदीत सांगू लागला. "रोमन लोकांच्या काळात तिथे एकाची अंगठी गेली. त्याने अशाच पत्र्यावर देवाला लिहिलं, अंगठी देवळात परत येईपर्यंत चोराला बरं वाटू देऊ नकोस. मीही तेच लिहिलंय. नावाची जागा रिकामी ठेवलीय."

सांगताना तो हसत होता.

खोलीत आल्यावर हे म्हणाले, "असल्या देवाला आपण मानत नाही. तू त्या दाराकडे बघूच नको."

पण पाणी त्याच दारातून आणायचं होतं. साहेब रोज सकाळी आमचे चेहरे निरखायचा आणि विचारायचा, "तबियत ठीक?" वाऱ्याने धूळ उडायला लागली तसा मला खोकला झाला. मी तोंडात पदर कोंबून मशीनवर बसायचे. मामूंचा सदरा घामाने भिजलेला असायचा. विचारलं तर म्हणायचे, "चुलीची धग गो, दुसरं काय!" त्या घरात आजारी पडायची चोरी झाली होती.

शेवटी रोटी भाजता भाजता मामू कोसळले. अंगाला हात लावला तर चटका बसत होता.

साहेबाने पत्र्याकडे बोट दाखवलं. "देखा? ह्याचं सामान तपासा."

तेवढ्यात मॅडम आतून आली. चेहरा पांढराफटक. "अंगठी मी खैरानला समुद्रात टाकली," ती म्हणाली. "मीच. मला ती बोटात नको होती."

साहेबाने पत्रा उतरवला, टेबलावर ठेवला आणि रिकाम्या जागी सावकाश काही अक्षरं कोरली. खिळा कर्रकर्र वाजत होता. मला इंग्रजी वाचता येत नव्हतं. ह्यांनी वाचलं आणि माझा दंड धरून मला बाहेर ओढलं.

"मॅडमचं नाव आहे," ते म्हणाले.

त्याच संध्याकाळी ह्यांनी गाडीची किल्ली परत केली. मामूंना घेऊन आम्ही फरवानियाला एका गाववाल्याकडे जायचं ठरवलं. निघताना मी मॅडमला म्हटलं, "तुम्ही पण चला."

"कुठे?" तिने विचारलं.

मामू बरे झाले आणि मुंबईच्या बोटीने घरी गेले. थंडी पडल्यावर बाजारात कानावर आलं, की मॅडमचा आजार डॉक्टरांना कळेना, तिला उचलूनच विमानात घातलं. साहेब त्याच घरात होता. शिवणकामाला नवी बाई शोधत होता. ह्यांनी ओळखीच्या घराघरात जाऊन सांगितलं, तिथे कुणी आपली बायको पाठवू नका.