दिवा विझवणारं बटण

लिफ्ट दुरुस्त करणाऱ्या माणसाला लोक एरवी विसरलेले असतात. लिफ्ट दोन मजल्यांच्या मध्ये अडकली की मात्र देवाच्याही आधी त्याची आठवण होते. आपला माणूस अशांपैकीच एक. सव्वीस वर्षं त्यानं हेच काम केलं. दवाखान्याची लिफ्ट, कचेरीची लिफ्ट, गोदामातली माल चढवायची जुनाट लिफ्ट, सगळ्या त्याच्या ओळखीच्या. गावात त्याला सगळे ‘वरखाली’ म्हणत. पहिल्यांदा हाक मारणाऱ्यावर तो चिडला होता, पुढं पुढं त्याच नावाला ओ देऊ लागला.

त्याला एक थोरली बहीण. वय अठ्ठेचाळीस. तिला ऑटिझम आहे हे डॉक्टरांनी सांगितलं तेव्हा ती पंधरा वर्षांची होती. तोवर नुसतीच ‘वेगळी’ होती. ती बोलत नसे. ऐकू सगळं येई, कळेही पुष्कळ, पण शब्द ओठांपर्यंत येऊन परत फिरायचे. आई होती तोवर काही अडलं नाही. ताईनं ओढणीचं टोक पिळलं की बाथरूम, दाराची कडी हलवली की बाहेर, एवढं आईला डोळे मिटूनही कळे. आई गेली आणि ती सगळी भाषा तिच्याबरोबर गेली.

वरखालीची बायको शिवणाच्या कारखान्यात जाई. ताईला घरी एकटं ठेवायचं कसं? म्हणून तो तिला कामावर घेऊन जाऊ लागला. इमारतीच्या माथ्यावर मशीनची खोली असते, तिथं स्टुलावर ताई बसे आणि तारेचा दोर चाकावरून सरकताना बघत राही. तीन वर्षं असं चाललं. मग कंपनीत नवे साहेब आले.

“ती बाई कोण?”

“माझी ताई, साहेब.”

“मशीनच्या खोलीत बाहेरचं माणूस चालत नाही. उद्या काही झालं तर तुम्ही निस्तरणार का मी? महिनाभरात काय ती सोय बघा.”

साहेबांचं चूक नव्हतं. हे कळत होतं म्हणूनच त्याला जास्त लागलं.

गावाच्या दुसऱ्या टोकाला अशा मोठ्या माणसांसाठी दिवसाचं केंद्र होतं. सकाळी सोडायचं, संध्याकाळी न्यायचं. तिथल्या मोठ्या बाई सरळ बोलणाऱ्या. म्हणाल्या, “आमच्याकडे अकरा जण आहेत आणि मदतनीस दोघी. आपल्याला काय हवं ते ज्याला कुठल्याही रीतीनं सांगता येतं, त्यालाच आम्ही नीट सांभाळू शकतो. दोन आठवडे बघू. जमलं तर जागा तिची.”

त्यांनी ताईला एक टॅबलेट दिला. चित्राला बोट लावलं की तो बोलायचा. ताईनं दोनदा बोट लावलं. तिसऱ्यांदा चित्रं सरकली, पाण्याच्या जागी ताट आलं. ताईनं टॅबलेट पालथा घातला आणि त्यावर उशी ठेवली.

“निकाल लागला,” बायको म्हणाली.

वरखाली मात्र विचारात पडला. लिफ्टमध्ये शिरल्यावर ताई काय करते हे त्यानं हजारदा पाहिलं होतं. ती बटण दाबे, दिवा लागे, आणि तिचा चेहरा निवांत होई. बटण कधी सरकत नाही. बोटाखाली दबतं, टक् वाजतं, दिवा लागतो. कालच्या जागी आज असतं.

दवाखान्याची जुनी लिफ्ट मोडीत निघाली होती. तिचं स्टीलचं पॅनेल त्यानं रीतसर विचारून घरी आणलं. आठ गोल बटणं, प्रत्येकाभोवती दिव्याची कडी. आकडे खरवडून काढले आणि तिथं फोटो बसवले. तिचाच पेला, तिचंच ताट, घरातला नळ म्हणजे बाथरूम, उशी, दार, कान म्हणजे आवाज फार होतोय, हात म्हणजे इकडे या, आणि शेवटचं लाल, नको. मागं आवाज साठवायच्या चिपा जोडल्या. पहिल्यांदा त्यानं स्वतःचाच आवाज भरला. ताईनं दोन्ही कान झाकून घेतले.

“झाकणारच,” बायको म्हणाली. “अहो, तुम्ही पाणी मागताय का कुणाला दरडावताय? सरका, मी बोलते.”

मग वहिनीच्या आवाजात ताई बोलू लागली. पहिल्या दिवशी तिनं पाण्याचं बटण दाबलं, पेला आला. पुन्हा दाबलं, पुन्हा आला. नवव्या पेल्याला बायको हात जोडून म्हणाली, “ताई, विहीर आटली.” ताईनं लगेच लाल बटण दाबलं. त्यातून बायकोचाच खणखणीत आवाज आला, “नको!” तिघांत एक जण मोठ्यानं हसला, एक डोळे पुसत हसली, आणि ताई आपली दिव्याकडे बघत राहिली.

एक गोष्ट त्यानं मुद्दाम केली होती. दोन बटणं एकदम दाबली की आवाजांचा गोंधळ होई आणि ताई घाबरे. गोदामातल्या जुन्या लिफ्टला एका वेळी एकच हाक कळते. एक दिवा लागलेला असला की बाकीची बटणं मुकी. तशीच जोडणी त्यानं इथं केली. मागितलेली वस्तू पोचवली की पॅनेलच्या खालच्या कडेला लपवलेला खटका वर सारायचा, की दिवा विझे आणि सगळी बटणं मोकळी होत. घरी हे दोघं तो खटका इतक्या सवयीनं सारत, की आपण तो सारतो याचं भानच राहिलं नाही.

केंद्रात पॅनेल भिंतीवर बसवलं तेव्हा त्यानं वहीच्या पानावर सूचनाही लिहून दिल्या. ओलं फडकं लावू नये. बॅटरी रोज संध्याकाळी चार्ज करावी. डावीकडचा स्क्रू पिळू नये. अकरा सूचना, सुवाच्य अक्षरात. खटक्याची बारावी त्यात नव्हती.

दुसऱ्या आठवड्यात मोठ्या बाईंनी बोलावणं धाडलं.

“बसा. कडू बोलणार आहे. ताई सकाळी पाणी मागते, छान मागते. त्यानंतर दिवसभर काही नाही. पाच दिवसांत चारदा कपडे ओले झाले. मदतनीस बिचारी करते सगळं, तिची तक्रार नाही. पण ताईला एकच बटण येतंय.”

“आठही येतात, बाई.”

“घरी येत असतील.”

“घरी येतं ते इथं का येणार नाही? माणूस तेच, बटण तेच!” त्याचा आवाज चढला. सव्वीस वर्षांत त्याच्या कामाला कुणी नाव ठेवलं नव्हतं.

मोठ्या बाई चिडल्या नाहीत. “मग बघा ना स्वतः. दाराच्या काचेतून बघा, आत जाऊ नका.”

तो काचेपाशी उभा राहिला. आत ताई खिडकीजवळ बसली होती. पॅनेलवर पेल्याभोवतीची कडी पेटलेली होती. पेला केव्हाचा रिकामा होऊन उपडा पडला होता.

थोड्या वेळानं ताई उठली. पॅनेलपाशी गेली आणि नळाचं बटण दाबलं. आवाज नाही. पुन्हा दाबलं. मग अंगठ्यानं जोर लावून दाबलं. तिनं मागं वळून मदतनीस बाईकडे पाहिलं. ती दुसऱ्या कुणाला घास भरवत होती. ताईनं पेटलेल्या कडीकडे पाहिलं, जागेवर येऊन बसली, गुडघे घट्ट जवळ घेतले आणि ओढणीचं टोक पिळू लागली.

दार ढकलून वरखाली आत धावला. पॅनेलच्या खाली हात घातला आणि खटका सारला. दिवा विझला.

ताई लगेच उठली. नळाचं बटण दाबलं. खोलीभर वहिनीचा आवाज झाला, “मला बाथरूमला जायचंय.”

“चला, चला!” मदतनीस हातातला चमचा टाकून धावली.

त्या दोघी गेल्या तरी तो पॅनेलला हात लावून उभाच होता. मोठ्या बाई मागं आल्या. त्यानं त्यांना खटका दाखवला.

“पाच दिवस ती सांगत होती,” तो म्हणाला. “मीच तिचं तोंड बांधून ठेवलं होतं. संध्याकाळी चार्जिंगला लावलं की दिवा विझायचा, म्हणून सकाळची पहिली हाक तेवढी लागायची. लिहून द्यायचं राहिलं.”

मोठ्या बाईंनी वाकून खटका पाहिला. दोनदा वर-खाली केला. मग म्हणाल्या, “लिहून दिलं असतंत तरी आम्ही विसरलो असतो. दोघी बायका, अकरा माणसं. मला सांगा, हा खटका खाली लपवलाय कशाला? तिच्या हाताशी का नाही?”

लिफ्टच्या बटणाचा दिवा चढणाऱ्यानं कधी विझवायचा नसतो, लिफ्ट पोचली की तो विझतो. सव्वीस वर्षांत याहून वेगळं काही वरखालीच्या मनात आलं नव्हतं. मागितलेलं मिळालं की नाही हे ताईनं ठरवायचं, आपण नाही, ही गोष्ट त्याला कुणीतरी वाकून दाखवावी लागली.

“उद्या शेवटचा दिवस,” मोठ्या बाई म्हणाल्या. “मी आठवडा वाढवते. त्यापुढं माझ्या हातात नाही.”

त्या संध्याकाळी पॅनेल घरी आणून अंगणात त्यानं त्याच्या पत्र्याला नववं भोक पाडलं. खटक्याचं काम करणारं पांढरं बटण बसवलं, फोटो काही लावला नाही. त्यात आवाजही नव्हता, नुसतं टक्. बायको म्हणाली, “याला काही बोलायला नको का?” तो म्हणाला, “हे तिचं तिला.”

शिकायला ताईला दोन दिवस लागले. पहिल्या दिवशी ती पांढरं बटण आधी दाबे आणि पेला येण्याची वाट बघे. दुसऱ्या दिवशी दुपारी तिनं पाणी मागितलं, प्यायली, पेला उपडा ठेवला, मग पांढरं दाबलं. दिवा विझला. ती हसली नाही, कुणाकडे पाहिलंही नाही. त्या आठवड्यात कपडे एकदाच ओले झाले, तेही पेल्यातलं पाणी सांडून. जेवताना मात्र कानाचं बटण सतरा वेळा वाजलं, तेव्हा कुणाच्या तरी ध्यानात आलं की पंखा खडखडतोय. पंखा वरखालीनंच नीट केला.

शनिवारी मोठ्या बाईंनी नोंदवहीत ताईचं नाव घातलं आणि ‘कायम’ असं लिहिलं. साहेबांनी दिलेल्या महिन्याचे चार दिवस उरले होते.

सोमवारी तो तिला सोडायला गेला. सोडून झालं, डबा ठेवून झाला, तरी दारातून हलेना. कामाची वेळ झाली होती. मदतनीस म्हणाली, “दादा, आज इथंच बसता का? एक खुर्ची टाकू?”

“निघतो, निघतो.”

तरी तो उभाच. ताईनं त्याच्याकडे पाहिलं, पॅनेलकडे गेली आणि लाल बटण दाबलं.

“नको!” बायकोचा खणखणीत आवाज.

सगळी खोली हसली. ओशाळून वरखाली वळला आणि चपला पायांत सरकवू लागला. तेवढ्यात मागं बारीकसा आवाज झाला, नुसतं टक्. त्याला वळून बघायची गरज पडली नाही.