खंडेनवमीचा लोंढा

केजजवळच्या आमच्या गावात अधूनमधून वेळेचा लोंढा येई, आणि तो आमच्याच विहिरीतून वर येई. ओढ्याला पूर येतो तसाच, फक्त पाण्याऐवजी वेळ. ताजं ताक बघता बघता आंबे. भिंतीवर थापलेल्या गोवऱ्या हात धुवून येईपर्यंत खडखडीत वाळत. एवढ्यावर भागलं असतं तर आम्ही रोज लोंढा मागितला असता! पण लोंढ्यात माणसाला भूक लागत नाही की तहान, वय तेवढं धावत सुटतं. आणि एकदा तो माणसाला चिकटला की माणूस उचलून दूर नेऊनही उपयोग नसे. लोंढा मागोमाग येई.

म्हणून निजाम सरकारनं विहिरीवर वक्तबंद बसवून दिला होता. नाव भारदस्त, वस्तू साधी: एक लोखंडी चाक आणि त्यातून निघून ज्वारीच्या रानात पुरलेली तांब्याची नळी. चाक फिरवलं की लोंढा नळीतून रानात जाई आणि जमिनीत जिरे. ते फिरवायचं काम माझ्याकडे होतं, कारण हातातलं काम टाकून धावत सुटणारं घरात दुसरं कुणी नव्हतं.

त्या वर्षी खंडेनवमीला माझ्या सासूबाईंनी, म्हणजे आत्याबाईंनी, विळे, कोयते, नांगराचा फाळ पूजेला मांडले आणि वक्तबंदाच्या चाकालाही हळदकुंकू लावलं. वर झेंडूची माळ, पुढे दहीभाताचा नैवेद्य. पूजेतल्या हत्याराला दसऱ्याला अक्षता टाकून पूजा उतरवेपर्यंत हात लावायचा नाही, अशी रीत.

मी म्हटलं, "आत्याबाई, ह्याला सुट्टी देऊन भागायचं न्हाई."

"बैलालाबी पोळ्याला सुट्टी आसती. ह्यानंच काय पाप केलं?"

दुपारी माझे सासरे, मामंजी, जेवून विहिरीजवळच्या लिंबाखाली बाजेवर आडवे झाले. ते सकाळीच गुळगुळीत दाढी करून आले होते. मी भांडी घासता घासता वर पाहिलं, तर त्यांच्या गालांवर पांढरे खुंट. पुन्हा पाहिलं, तर दाढी गळ्याशी! लोंढा चढत होता, आणि मामंजींचं वय आधीच काठाला आलेलं. आणखी थोडं असंच चाललं असतं तर ते झोपेतच गेले असते.

मी धावले. आत्याबाई चाकासमोर हात पसरून उभ्या राहिल्या.

"हात लावू नको! आज नवमी हाय."

"मामंजींची दाढी बघा!"

"दिसली मला. उद्या फिरव."

"उद्यापातूर मामंजी ऱ्हायचे न्हाईत!"

त्यांचं तोंड उतरलं, पण हात खाली आले नाहीत. रीत मोडली तर त्याचं संकट नवऱ्यावरच येईल, ही त्यांची भीती खरी होती. एवढ्यात माझी नखं बोटांपुढे आली, आत्याबाईंच्या पदराचा रंग विटला. मग माझी नजर नैवेद्यावर गेली. दहीभाताला हिरवी लव आली होती. झेंडूचा चुरा झाला होता.

"आत्याबाई, हितं कुठली नवमी? ह्या लिंबाखाली दसरा कधीच होऊन गेला!"

त्यांनी दहीभाताचा वास घेतला, झेंडू चुरगळला, मामंजींच्या दाढीकडे पाहिलं. ती आता छातीवर पसरली होती. मग त्या माझ्यावरच उसळल्या.

"आगं, मग दसरा होऊन इतके दिवस हत्यारं पूजेत ठेवलीस कावून? लोक काय म्हणतील? लई आळशी सून हाय! आण त्या अक्षता!"

निम्म्या अक्षता चाकावर पडल्या, निम्म्या माझ्या डोक्यावर. गंजानं चाक अडलं होतं. मग आम्ही दोघी त्याला लोंबकळलो, आणि मला असं हसू फुटलं की हाताचा जोरच गेला. त्याही हसू लागल्या. चाक कुरकुरत फिरलं, नळी खडखडली, आणि तिच्या ओळीनं रानातल्या वीतभर ज्वारीला भराभर कणसं आली.

मामंजी उठून बसले. दाढी चाचपून म्हणाले, "कुणी चिकटवली ही?"

"दसरा झाला," मी म्हटलं.

"मग मला उठवलं कावून न्हाई?" ते तडक बांधावरच्या आपट्याची फांदी मोडून सोनं वाटायला गावात निघाले. सगळं गाव अजून नवमीत होतं!

आत्याबाईंनी त्यांना वाटेतच गाठलं. दाढी मुठीत धरून दोनदा ओढली. मामंजी ओरडले तेव्हा कुठे आत्याबाईंचा जीव भांड्यात पडला.

"धड हाव न्हवं? मग आधी न्हाव्याकडं जा. असल्या तोंडानं मी तुमाला सोनं वाटू द्यायची न्हाई."