मास्तरांच्या बाजूचा ब्रेक

ड्रायव्हिंग स्कूलच्या मास्तरांची बायको म्हणून सगळे तिला मास्तरीणबाई म्हणायचे. तिने आयुष्यात कुणाला काही शिकवलं नव्हतं, पण नाव चिकटलं ते चिकटलं. कुणी विचारलं तर ती सांगायची, "मी कपडे शिवते. मास्तर ते आहेत." आणि 'ते' म्हणताना तिच्या आवाजात जे काही असायचं, त्याला आदर समजणारा माणूस ठार बहिरा असला पाहिजे.

मास्तर म्हणजे एक नग होता. उभा जन्म त्यांनी ड्रायव्हरच्या शेजारच्या सीटवर काढला होता. चालवायचं दुसऱ्याने, थांबवायचं यांनी. ही सवय घरीही सुटली नव्हती. ती जिना उतरायला लागली की मागून "सावकाश". भाजीत मीठ टाकायला चिमूट उचलली की "बास". शिलाई मशिनने जरा वेग घेतला की आतल्या खोलीतून, "एवढी कुठं आग लागलीय?" बाहेर मात्र हेच मास्तर लोण्याहून मऊ. दुसऱ्यांच्या बायकांना गाडी शिकवताना "छान, छान, घाबरू नका" असं म्हणत त्यांचा जीव अर्धा व्हायचा. दुसऱ्याच्या बायकोने गाडी चालवणं हा धंदा होता. आपल्या बायकोने चालवणं ही कटकट.

तिला मात्र चालवायची होती, आणि हौस म्हणून नव्हे. तिची थोरली बहीण शहराबाहेरच्या वस्तीत एकटी राहायची. न्हाणीघरात पाय घसरून पडल्यापासून ताईने अंथरूण धरलं होतं. शेजारीण दोन वेळचं ताट सरकवून जायची, बाकी तोंड बघायला कुणी नाही. त्या बाजूला बस जात नव्हती, रिक्षावाले ऐकूनच मान फिरवायचे. मास्तरांना विचारलं की ते म्हणायचे, "नेईन रविवारी." रविवार आला की त्यांना पत्त्यांचा डाव असायचा. एकदा ती फारच मागे लागली तेव्हा म्हणाले, "तिकडं जाऊन तू काय दिवे लावणार आहेस? तुझं तोंड बघून तिचं हाड जुळणार आहे का?"

त्या दिवशी तिने ठरवलं की लायसन काढायचं आणि स्वतः जायचं. दुसरीकडे शिकावं तर दुसरी शाळा मास्तरांच्याच चेल्याची. त्याने हात जोडले, "मास्तरीणबाई, मला मारता का?" मग मास्तरांकडेच शिकली. शिकवलं त्यांनी, नाही असं नाही, पण असं शिकवलं की गाडीतून उतरल्यावर तिला तासभर सुईत दोरा ओवता यायचा नाही.

आणि परीक्षेत ती नापास झाली. पुन्हा बसली, पुन्हा नापास. तिसऱ्यांदाही तेच. दर वेळी एकाच ठिकाणी. लायसन ऑफिसच्या मागे एक चढ होता. त्या चढावर मध्येच गाडी उभी करायची आणि मागे न घसरता पुन्हा वर न्यायची, एवढंच. बाकी सगळं ती बिनचूक करायची, आणि चढावर गाडी निघता निघता गचका खाऊन बंद पडायची. परीक्षा घेणारे साहेब मागच्या सीटवर बसलेले असायचे, तिथला नियमच तसा होता. शिकाऊ गाडीत पुढे मास्तर, मागे साहेब. मास्तरांनी ब्रेक लावावा लागला तर उमेदवार नापास. साहेब मान हलवायचे, मास्तर सुस्कारा सोडायचे आणि घरी आल्यावर गल्लीत उभं राहून चारचौघांना सांगायचे, "अहो, गाढवसुद्धा शिकवलं मी. पण घरचं जनावर काही वळत नाही." लोक हसायचे. तीही आत मशिनवर बसून ऐकायची आणि सुई जरा जास्तच जोरात चालायची.

आधीच्या दोन वेळा तिने स्वतःलाच दोष दिला. क्लच लवकर सुटला असेल, पाय कापला असेल. तिसऱ्या वेळी मात्र तिची चप्पल घसरली होती म्हणून तिने पाय जरा तिरका धरला होता. ॲक्सिलरेटर दाबला, गाडी उचलली, आणि त्याच क्षणी ब्रेकचं पेडल आपणहून खाली येऊन तिच्या पावलाच्या कडेला लागलं. लगेच वर गेलं. गाडी बंद.

शिकवायच्या गाडीला दोन ब्रेक असतात, एक शिकणाऱ्याकडे, एक मास्तरांकडे. दोन्ही एका आडव्या लोखंडी दांड्याने जोडलेले. एक दाबला की दुसराही खाली जातो. तिचा पाय तर ब्रेकवर नव्हता. मग पेडल कुणी दाबलं?

मास्तरांना विचारायची सोय नव्हती. विचारलं असतं तर मास्तर म्हणाले असते, तुला भास होतात, आणि संध्याकाळपर्यंत ते भासही गल्लीला कळले असते. तिला भांडायचं नव्हतं. तिला लायसन पाहिजे होतं, आणि त्या पायाला रंगेहाथ पकडायचं होतं.

चौथ्या परीक्षेच्या आदल्या दिवशी रविवार होता. जेवण करून मास्तर पत्त्यांना गेले. फाटक वाजलं तशी तिने मशिन बंद केलं, पदर खोचला आणि गाडीच्या पत्र्याच्या शेडमध्ये गेली. गाडीत बसायचं सोडून ती पाय बाहेर ठेवून उताणी आडवी झाली आणि डोकं स्टिअरिंगखाली घातलं. तिथून बघितलं तर गाडी म्हणजे नुसती अडगळ, वायरी, धूळ आणि गंज.

मास्तरांकडचा दांडा जिथे संपतो तिथे एक लोखंडी पट्टी होती, आणि ती तिच्या पेडलच्या मागच्या अंगाला बोल्टने जखडलेली होती. तो एक बोल्ट काढला की काम झालं. पण तिथे पाना फिरवायला बोटभरही जागा नव्हती. हे तिला आधीच ठाऊक होतं. हे सगळं मास्तरांनी याच शेडमध्ये बसवलं तेव्हा बॅटरी तिनेच धरली होती, आणि उजेड हलला म्हणून शिव्याही तिनेच खाल्ल्या होत्या. आख्खं पेडल बाहेर काढल्याशिवाय तो बोल्ट सुटणार नव्हता.

तिने पकडीने आधी छोटी दुपाखी पिन सरळ करून ओढली. ती अर्धी तुटून हातात आली. मग जाड पिन ठोकून काढली, तशी ब्रेककडे जाणारी दांडी पेडलपासून मोकळी झाली. स्प्रिंग काढताना सटकली आणि कपाळावर बसली. पेडल ज्या लांब बोल्टवर झुलतं तो तर हलायलाच तयार नव्हता. तिने त्यावर मशिनचं तेल सोडलं, पान्यावर दोन्ही हात ठेवले आणि नवऱ्याचं नाव घेऊन जोर लावला. नाव प्रेमाने घेतलं नव्हतं. बोल्ट कुरकुरला आणि फिरला. पेडल तिच्या छातीवर पडलं, पट्टी लोंबतच होती. वाटलं होतं त्यापेक्षा ते जड निघालं.

पट्टीचा बोल्ट आता सहज सुटला. तिने पेडल पुसून आत नेलं, शिवणाच्या टेबलावर जुन्या अस्तराच्या तुकड्यावर ठेवलं आणि त्याच्या भोकातल्या झिजलेल्या बुशांना, म्हणजे बोटाएवढ्या नळ्यांना, ग्रीस लावलं. इथे मात्र तिने काहीही उरकून टाकलं नाही. नवऱ्याचा राग नवऱ्यापाशी, ब्रेक म्हणजे ब्रेक. उद्या पेडल निसटलं तर चढावरून मागे कोण येईल, कुणाचं पोर असेल, हे तिला दिसत होतं.

बसवणं काढण्याच्या दुप्पट निघालं. भोकाला भोक मिळेना. एका हाताने पेडल वर धरायचं आणि दुसऱ्याने बोल्ट घालायचा, तोवर बुश घरंगळायचा. तिने मास्तरांना, त्यांच्या पत्त्यांच्या कंपूला आणि त्यांना शेजारच्या सीटवर बसवणाऱ्या नशिबाला मनमुराद शिव्या दिल्या. तोंड मोकळं झालं तसा बोल्टही आत गेला. स्प्रिंग ओढायला बोटांत ताकद नव्हती म्हणून तिने पडद्याच्या नाडीचा फास केला, स्प्रिंगच्या टोकात अडकवला आणि ताणून जागेवर बसवली. तुटलेल्या पिनेऐवजी मास्तरांच्या डब्यातून नवी कोरी दुपाखी पिन घेतली, घातली, आणि तिचे दोन्ही पाय पुरते फाकवले. दोनदा हात लावून बघितलं. मग गाडी चालू करून पेडल दाबलं. घट्ट लागलं. मागे भिंतीवर लाल उजेड पडला तो मात्र पाय काढला तरी जाईना. ब्रेकच्या दिव्याचं बटण पेडलला नीट टेकलं नव्हतं. पुन्हा आडवी झाली, ते सरकवलं, उजेड गेला. शेवटी हँडब्रेक सोडून गाडी शेडच्या उतारावरून फाटकाकडे घरंगळू दिली आणि ब्रेक दाबला. गाडी जागच्या जागी थांबली. ती तिने पुन्हा शेडमध्ये घेतली.

आता मास्तरांची पट्टी. ती नुसती लोंबती ठेवली असती तर त्यांना बसता क्षणीच कळलं असतं, कारण तिने ब्रेक दाबला की त्यांचं पेडलही हलायला हवं होतं. म्हणून तिने ती पट्टी पेडलला काळ्या दोऱ्याने बांधली. कच्चे टाके घालायचा दोरा, जरा हिसका बसला की तुटणारा. तिच्या दाबाने तो हलक्या दांड्याला सोबत घेऊन जाईल, पण त्या बाजूने कुणी पाय मारला तर तिचा ब्रेक हलायच्या आत तुटेल. तिने मास्तरांचं पेडल हाताने दाबून पाहिलं. दोरा तुटला, पट्टी बाजूला गेली, तिचं पेडल हललंसुद्धा नाही. पुन्हा नवा दोरा बांधून तिने हात धुतले.

रात्री जेवताना मास्तरांनी तिचं कपाळ बघितलं. "हे काय?"

"कपाटाचं दार लागलं."

"उद्या तरी डोळे उघडे ठेव. साहेब मला काल म्हणाले, मास्तर, तुम्ही वहिनींचा नाद सोडा."

"तुम्ही काय म्हणालात?"

"म्हटलं, हट्टी आहे. चार वेळा आपटली की येईल ताळ्यावर."

तिने त्यांच्या ताटात आणखी भात वाढला. जाड पिन हातात धरून तिला जेवढं शांत वाटलं होतं तेवढंच शांत तिला आताही वाटत होतं, आणि स्वतःचीच थोडी भीती वाटली.

सकाळी ऑफिसच्या आवारात साहेब मागे बसले, मास्तर शेजारी. वळणं झाली, गाडी मागे घेऊन झाली, थांबणं झालं. ब्रेक दाबला की मास्तरांचं पेडल इमानदारीत खाली जात होतं. मग चढ आला. मधोमध तिने गाडी उभी केली. साहेब म्हणाले, "चला."

तिने क्लच अलगद सोडला. गाडी थरथरून उचलली. बाजूला मास्तरांची चप्पल हलल्याचा आवाज आला, आणि मग त्यांचं पेडल खटकन थेट खालच्या पत्र्याला जाऊन भिडलं. नसलेल्या पायरीवर पाय पडावा तसे मास्तर पुढे झुकले. त्यांनी पुन्हा दाबलं. पुन्हा खटकन. गाडी एक इंचही मागे न घसरता चढ चढत होती. ती समोर बघत राहिली. मागे साहेब बसले होते. मास्तर काय सांगणार? की मी ब्रेक लावतोय आणि लागत नाही?

वर पोचल्यावर साहेबांनी तिला थांबायला सांगितलं. "वहिनी, आज काय झालं? एवढी सुरेख चढवलीत. पास." ते उतरून पुढच्या गाडीकडे गेले.

दार लागलं. मास्तरांचा चेहरा काळाठिक्कर पडला होता. "माझ्या बाजूचा ब्रेक सुटलाय. कुणी हात लावला गाडीला?"

"तुम्हाला कधी कळलं, सुटलाय ते?"

मास्तरांनी पायाकडे बघितलं, मग काचेकडे, मग पुन्हा पायाकडे. तिला वाटलं होतं, या क्षणी आनंद होईल. झाला नाही. तिला राग आला. हिला जमत नाही म्हणून हा माणूस ब्रेक लावत नव्हता. जिला जमत नाही तिची गाडी आपोआपच बंद पडते. पहिल्याच दिवशी त्याला कळलं होतं की ही चढ चढणार, आणि तेव्हापासून ताई तिकडे छताकडे डोळे लावून पडली होती.

"उतरा," ती म्हणाली.

"म्हणजे?"

"मला ताईकडं जायचंय. लायसनचा कागद साहेबांकडून घेते आणि तशीच निघते. तुम्ही उतरा."

"आणि मी घरी कसा जाऊ?"

तिने त्यांच्या बाजूच्या दाराकडे बोट केलं. इंजिन चालूच होतं. मास्तर दार उघडून उतरले. पण दार लावेनात. दारावर हात ठेवून तिथेच उभे राहिले.

"संध्याकाळी येशील ना?" त्यांनी विचारलं.

तिने वाकून, त्यांच्या हाताखालून, दार ओढून घेतलं.